‘सिद्ध झाले नाही’ आणि ‘खोटे आहे’

गेल्या हिवाळ्यातील एका संध्याकाळी बाबांनी माझ्यापुढे निकालपत्राची प्रत ठेवली आणि म्हणाले, “तू एवढं लेख मराठीत करतीस, हे पण करून दे. मला कोर्टानं खोटारडा ठरवलंय का, तेवढंच सांग.”

अनुवादाची सेवा मी गेली तीन वर्षे करते आहे. प्रवचने, लेख, शिबिरांची टिपणे असे बरेच काही मराठीत आणले. पण ज्या मजकुरात माझ्याच हातचा दोष नोंदलेला आहे, अशा मजकुराचा अनुवाद करण्याची वेळ पहिल्यांदाच आली. त्या अनुवादाने मला जे शिकवले, ते आपल्यापुढे मांडते. विषय न्यायालयाचा असला तरी प्रश्न साधकाचा आहे. आपले खरे असताना पुरावा अपुरा पडला, तर काय करावे? आणि दुसऱ्याचा पुरावा अपुरा दिसला, तर त्याला काय म्हणावे?

घडले ते असे

आम्ही दिल्लीत बडा हिंदूराव भागात राहतो. मूळ गाव सांगली जिल्ह्यातील खानापूर तालुक्यात. आमच्या भागातील कितीतरी घरांतील माणसे गलाईच्या धंद्यासाठी देशभर पांगली आहेत. जुने सोने-चांदी वितळवून शुद्ध करणे हा तो धंदा. बाबाही तेच करतात. मी वाणिज्य शाखेत शिकते, म्हणून दुकानाचा हिशेब माझ्याकडे आला.

२०२१ मध्ये दिवाळीसाठी गावी जाण्यापूर्वी बाबांनी ओळखीच्या एका व्यापाऱ्याला साडेतीन लाख रुपये रोख उसने दिले. पुढे त्याने तेवढ्याच रकमेचा चेक दिला आणि तो खात्यात पैसे नसल्याने परत आला. नोटीस पाठवली, मुदत संपली, फौजदारी तक्रार दाखल झाली. तीन वर्षांनंतर न्यायालयाने तक्रार फेटाळली आणि समोरच्या गृहस्थांना निर्दोष सोडले. कारण एकच होते. दिलेल्या रकमेचा आमचा पुरावा विश्वासार्ह वाटत नाही.

तो पुरावा म्हणजे दुकानाची वही. मूळ वही भट्टीशेजारी असायची. तेजाबाचे डाग पडून तिची पाने विटली होती, काही ठिकाणी अक्षरे उडाली होती. वकिलांकडे कागद द्यायचे ठरले, तेव्हा मी ती सगळी वही सुवाच्य अक्षरात नव्या वहीत उतरवून काढली आणि जुनी रद्दीत दिली. व्यापाऱ्याच्या नोंदीपुढची तारीख पुसली गेली होती. ‘दिवाळीत दिले’ असे बाबा नेहमी म्हणत, म्हणून मी लक्ष्मीपूजनाची तारीख घातली, ४ नोव्हेंबर २०२१. बाबांना विचारले नाही. विचारण्यासारखे त्यात काही आहे, असे वाटलेच नाही.

वकिलांनी नोटीस त्या वहीवरून लिहिली, तक्रारही त्यावरूनच लिहिली. उलटतपासणीत बाबांना विचारले गेले, “त्या दिवाळीला तुम्ही कुठे होतात?” बाबा म्हणाले, “गावी.” “मग ४ तारखेला दिल्लीत पैसे कोणी दिले?” बाबांना उत्तर सुचेना. “ही वही कोणी लिहिली?” “मुलीने.” “कधी?” “नंतर.” सगळ्या नोंदी एकाच अक्षरात, एकाच शाईत होत्या. विवरणपत्रात या रकमेचा उल्लेख नव्हता. समोरच्यांचे म्हणणे होते की तो चेक दुसऱ्या एका व्यवहारात तारण म्हणून दिलेला होता. न्यायालयाला शंका आली, आणि शंकेचा फायदा आरोपीला मिळाला.

निकालात काय नव्हते

मी निकाल तीनदा वाचला. बावीस पानांत ‘तक्रारदार खोटे बोलतो’ असे वाक्य कुठेही नव्हते. ‘विश्वास ठेवणे सुरक्षित नाही’, ‘शंकेला जागा आहे’, ‘सिद्ध झालेले नाही’ असे शब्द होते. हा फरक किती जुना आणि किती विचारपूर्वक केलेला आहे, हे मला नंतर कळले.

आपल्या साक्षीपुराव्याच्या कायद्यात, १८७२ च्या जुन्या आणि २०२३ च्या नव्या भारतीय साक्ष्य अधिनियमातही, एखाद्या गोष्टीच्या तीन अवस्था मानल्या आहेत. ती आहे असे पटले तर ‘सिद्ध’. ती नाही असे पटले तर ‘खोटी ठरलेली’. आणि दोन्हींपैकी काहीच नसेल तर ‘सिद्ध न झालेली’. ही तिसरी अवस्था म्हणजे न्यायाधीशाची प्रामाणिक कबुली असते. जे समोर आले त्यावरून मला दिसत नाही, एवढेच तो सांगतो.

आपल्या दर्शनांनी हा भेद आणखी आधी केला होता. अन्नंभट्टांच्या तर्कसंग्रहात अयथार्थ अनुभवाचे प्रकार सांगताना संशय आणि विपर्यय वेगळे ठेवले आहेत. अंधारात समोर दिसतो तो खांब की माणूस, हे न कळणे म्हणजे संशय. दोरीला साप समजून बसणे म्हणजे विपर्यय. न्यायालयाने आमच्याबद्दल संशय नोंदवला होता. बाबांनी मात्र तो विपर्यय म्हणून वाचला आणि वर तो स्वतःच्या चारित्र्यावर घेतला. तीन महिने ते समाजाच्या बैठकीला गेले नव्हते.

न्यायदर्शनात शब्द हे एक प्रमाण आहे, पण कोणाचाही शब्द नव्हे, आप्ताचा शब्द. भाष्यकार वात्स्यायनांच्या मते आप्त तो, ज्याने वस्तू प्रत्यक्ष जाणली आहे आणि जशी जाणली तशीच सांगण्याची ज्याला इच्छा आहे. हे लक्षण ऋषी, आर्य आणि म्लेंच्छ या सर्वांना सारखेच लागू पडते, असेही ते स्पष्ट करतात. म्हणजे विश्वासार्हता कुळावर किंवा प्रतिष्ठेवर ठरत नाही. पाहिले किती आणि सांगितले कसे, यावर ठरते. या कसोटीवर बाबा त्या व्यवहारापुरते आप्त होते. मी नव्हते. मी पैसे देताना पाहिले नव्हते, तरी तारीख लिहिली. माझ्या मनात कपट नव्हते. तरी त्या पानावरील ती तारीख खोटी होती. न्यायालयाने त्या पानावर विश्वास ठेवला नाही, हे बरोबरच झाले. आमचे नुकसान झाले, पण त्या पानापुरता निकाल खरा होता. हे स्वतःशी मान्य करायला मला बरेच दिवस लागले.

वरचे न्यायालय काय पाहते

घरात पुढचा प्रश्न होता, वर जायचे का? बाबांची कल्पना अशी, की वरच्या न्यायालयात सगळे पुन्हा पहिल्यापासून सांगता येईल आणि मोठे न्यायाधीश खरे-खोटे ओळखतील. बहुतेकांची कल्पना अशीच असते. वस्तुस्थिती थोडी वेगळी आहे.

तक्रार फेटाळली जाते ती दोन टप्प्यांवर. पहिला टप्पा अगदी सुरुवातीचा. तक्रारदाराचे म्हणणे ऐकून पुढे जाण्यास पुरेसे कारण नाही असे दंडाधिकाऱ्यांना वाटले, तर ते तक्रार तिथेच फेटाळू शकतात. जुन्या संहितेत हे कलम २०३ होते, नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत २२६ आहे. अशा आदेशाविरुद्ध सत्र किंवा उच्च न्यायालयात पुनरीक्षण मागता येते. या टप्प्यावर फार बारीक चाळणी लावायची नसते. पुढे जाण्यापुरते कारण आहे का एवढेच पाहायचे, शिक्षेइतका पुरावा आहे का हे नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९६३ मध्येच सांगितले. दुसरा टप्पा पूर्ण खटल्यानंतरचा, आमच्यासारखा. तेथे अपिलाचा मार्ग असतो. चेकच्या प्रकरणातील तक्रारदार हा ‘पीडित’ आहे आणि त्याला विशेष परवानगीशिवाय अपील करता येईल, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये दिल्याने आमच्यासारख्यांचा हा मार्ग सोपा झाला आहे.

पण वर गेल्यावर काय होते? निर्दोष सुटलेल्या माणसाच्या बाजूने दोन गोष्टी उभ्या असतात. मुळात प्रत्येक जण निर्दोष मानला जातो, आणि आता एका न्यायालयाने ते पक्के केलेले असते. म्हणून पुराव्यावरून दोन वाजवी मते होऊ शकत असतील तर केवळ आपले मत वेगळे आहे म्हणून निकाल फिरवू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये स्पष्ट केले. पुनरीक्षणात तर मर्यादा आणखी आहेत. तेथे निर्दोष मुक्ततेचे रूपांतर थेट शिक्षेत करता येत नाही. गोव्यातील एका चेक प्रकरणात दोन न्यायालयांनी आरोपीला दोषी धरले होते आणि पुनरीक्षणात तो सुटला. सप्टेंबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याची दोषसिद्धी पुन्हा कायम केली. खालच्यांनी पुराव्यावरून काढलेले निष्कर्ष उघडपणे अतर्क्य नसतील, तर पुनरीक्षणात ते उलटवायचे नसतात.

याची दुसरी बाजूही आहे. सातारा जिल्ह्यातील एका खून खटल्यात सत्र न्यायालयाने सोडलेल्या आरोपींना मुंबई उच्च न्यायालयाने दोषी ठरवले आणि १९७३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते कायम ठेवले. त्या निकालात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी बजावले की शंकेच्या फायद्याची भक्ती अतिरेकाला जाऊ नये. निरपराध्याला शिक्षा होणे जसा अन्याय, तसा अपराधी सुटणे हाही अन्यायच.

या सगळ्यातून मला एक गोष्ट समजली. वरचे न्यायालय प्रामुख्याने ‘खरे कोण’ एवढे पाहत नाही. खालच्याने नीट पाहिले का, हे ते पाहते. पुरावा वगळला का, दुसऱ्या बाजूला ऐकले का, शंका वाजवी होती की ओढूनताणून आणलेली, हे तपासते. विशेष म्हणजे, तक्रार सुरुवातीलाच फेटाळली गेली असेल आणि तक्रारदार पुनरीक्षणाला गेला, तर आरोपीलाही ऐकलेच पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये सांगितले. खाली ज्याला बोलावलेही नव्हते, त्याच्याविरुद्ध काही ठरवण्याआधी वर त्याचे म्हणणे ऐकले जाते.

आमच्या वस्तीच्या नावामागचा खटला

शंकेला इतका मान का द्यायचा, हा प्रश्न मला त्या दिवसांत सारखा छळत असे. त्याचे एक उत्तर आमच्या वस्तीच्या नावाशीच निगडित आहे.

हिंदूराव म्हणजे हिंदूराव घाटगे. कागलच्या घाटगे घराण्यातले, ग्वाल्हेरच्या बायजाबाई शिंदे यांचे बंधू. दिल्लीच्या टेकडीवरचा एक बंगला त्यांनी विकत घेतला. त्या जागी आज त्यांच्याच नावाचे महापालिकेचे मोठे रुग्णालय आहे. हा बंगला आधी कंपनी सरकारचे दिल्लीतील प्रमुख अधिकारी विल्यम फ्रेझर यांचा होता. २२ मार्च १८३५ च्या संध्याकाळी घरी परतताना फ्रेझर यांना गोळी घालून मारण्यात आले. फिरोजपूर झिरक्याचे तरुण नवाब शमसुद्दीन अहमद खान यांनी वारशाच्या वादातून हा खून करवला, असा आरोप झाला. खटल्यात माफीच्या साक्षीदाराची, म्हणजे गुन्ह्यातील साथीदाराचीच साक्ष फार महत्त्वाची ठरली. ऑक्टोबरमध्ये काश्मिरी दरवाजाबाहेर नवाबांना फाशी देण्यात आली. खुनापासून फाशीपर्यंत सात महिनेही लागले नाहीत.

नवाब दोषी होते की नव्हते, हा माझा मुद्दा नाही. सरकारला पुरावा पुरेसा वाटला. शहरातील अनेकांनी त्यांना निर्दोष मानले. आणि त्याच शहराने दुसरा एक खटला स्वतःच चालवला. मिर्झा गालिब यांचे फ्रेझरशी स्नेहाचे संबंध होते, नवाबांशी बिनसलेले होते. तेवढ्यावरून, यांनीच चहाडी केली असणार, असा संशय लोकांनी त्यांच्यावर घेतला. सरकारी निकालावर ‘पुरावा कुठे आहे?’ असे विचारणारे लोक आपल्या निकालाला पुरावा मागत नव्हते.

आपण मराठी माणसेही यात मागे नाही. नारायणराव पेशव्यांचा खून १७७३ मध्ये झाला. आनंदीबाईंनी पत्रात ‘ध’ चा ‘मा’ केला ही कथा आपण शाळेपासून ऐकतो आणि अजून वाक्प्रचार म्हणून वापरतो. अनेक अभ्यासकांनी या कथेवर शंका घेतली आहे. पण लोकांच्या न्यायालयात अडीचशे वर्षांत एकदाही पुनरीक्षण झाले नाही.

फाशी दिलेल्याला परत आणता येत नाही. सुटलेल्याला निदान वरच्या न्यायालयात पुन्हा बोलावता येते. शंकेचा फायदा आरोपीला देण्यामागे ही साधी गोष्ट आहे. एक चूक दुरुस्त करता येते, दुसरी येत नाही. ती किंमत कधी कधी आमच्यासारख्या तक्रारदाराला मोजावी लागते. ती जड आहे, पण दुसऱ्या चुकीची किंमत त्याहून जड आहे.

खऱ्या गोष्टीला खोटा आधार

अपिलाची तयारी चालू असताना एक ओळखीचे गृहस्थ घरी आले. त्यांनी उपाय सुचवला. दुकानातील एखाद्या कामगाराने ‘माझ्यासमोर पैसे मोजून दिले’ असे प्रतिज्ञापत्र करावे. नवा पुरावा वर घेता येतो, न्यायालयाला जरूर वाटली तर. “पैसे तर खरेच दिले आहेत ना? मग खोटे कुठे आहे? सत्य सिद्ध करायलाच तर हे करायचे.”

मी प्रामाणिकपणे सांगते, मला ते पटले होते. माझ्या चुकीने घालवलेले पैसे परत येतील, बाबांची मान वर होईल, आणि कुणावर अन्यायही होणार नाही, असा हिशेब मी मनात मांडला होता. हिशेब जुळतही होता.

बाबा बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, “सोनं खरं असलं तरी कसोटीवर रेघ त्याचीच उमटाया पायजे. दुसऱ्याची रेघ ओढून हे माझंच सोनं म्हणून सांगायचं व्हय? आणि त्या पोराला देवाच्या नावानं शपथ घ्यायला लावायची?”

तो विषय तिथेच संपला. नंतर विचार करताना मला दिसले, की कामगाराची साक्ष आणि माझी तारीख यांत जात एकच होती. दोन्हींत खऱ्या गोष्टीला न पाहिलेल्या माणसाचा आधार लावलेला होता. फरक एवढाच की मी ते नकळत केले आणि हे जाणूनबुजून झाले असते. गीतेच्या सतराव्या अध्यायात वाणीचे तप सांगितले आहे. बोलणे दुसऱ्याला उद्विग्न न करणारे, सत्य, प्रिय आणि हितकर असावे. मी त्यातील सत्याचा अर्थ ‘गोष्ट खरी असणे’ एवढाच घेत होते. सांगणाऱ्याने ती जशी जाणली तशीच सांगणे, हाही सत्याचाच भाग आहे.

मी वकिलांना तारखेचे सगळे सांगितले. ते म्हणाले, मग अपिलात वहीवर भर द्यायचा नाही. चेकवरची सही समोरच्याने नाकारलेली नाही. सही मान्य असली की चेक देण्यासाठीच दिला होता असे कायदा आधी गृहीत धरतो. ते गृहीतक आरोपीने पुरेशी शक्यता दाखवून खोडले की नाही, एवढ्यावर अपील उभे राहील. अपील दाखल झाले आहे. निकाल लागायचा आहे.

काही जण बाबांना म्हणाले, “तुम्ही साधक आहात, सोडून द्या, क्षमा करा.” यावरही आमच्या घरी बोलणे झाले. थकून सोडून देणे म्हणजे क्षमा नव्हे. आणि वरच्या न्यायालयात जाणे म्हणजे सूड नव्हे, जर आपण खरे तेवढेच घेऊन जात असू आणि हरण्याचीही तयारी असेल. बाबांनी ते त्यांच्या भाषेत सांगितले, “मागणं सोडत न्हाय. राग सोडतोय.” पुढच्या महिन्यात ते समाजाच्या बैठकीला गेले.

आपल्या मनातील फेटाळलेल्या तक्रारी

न्यायालयात आपण आयुष्यात एखाद्या वेळी जातो, बरेच जण कधीच जात नाहीत. पण मनात रोज निकाल लागत असतात. सुनेने सासूबद्दल काही सांगितले, ‘वाढवून सांगते’ म्हणून फेटाळले. मुलाने शाळेत कुणी त्रास देतो म्हटले, त्याच्या बोलण्यात दोन ठिकाणी विसंगती आढळली, फेटाळले. कामवाल्या मावशींनी पगाराच्या हिशेबाची चूक दाखवली, त्यांच्याकडे लिहिलेले काही नाही, फेटाळले. आणि ज्यांची तक्रार फेटाळली, त्यांना आपण मनात खोटारडे ठरवून मोकळे झालो. न्यायाधीशांनी बाबांना जे म्हटले नाही, ते आपण आपल्या माणसांना सहज म्हणतो.

ज्याचे नीट सांगता येत नाही, त्याचे खरे नसते असे नाही. घाबरलेल्या माणसाला तारखा आठवत नाहीत. जिच्यावर वाईट प्रसंग गुदरला, ती तो ओळीने सांगू शकत नाही. म्हणून प्रत्येकावर डोळे मिटून विश्वास ठेवावा, असेही मी म्हणत नाही. आमच्या समोरच्या गृहस्थांनाही शंकेचा फायदा मिळण्याचा हक्क होता. ‘मला अजून दिसले नाही’ असे म्हणून दार उघडे ठेवावे, एवढेच.

रात्री आत्मनिरीक्षणाला बसते तेव्हा मी अलीकडे दिवसातील एखादा निकाल पुन्हा उघडते आणि तीन प्रश्न विचारते. यात मी स्वतः पाहिले किती, आणि जुळवून घेतले किती? ज्याच्याविरुद्ध ठरवले, त्याला बोलू दिले का? ‘पटले नाही’ म्हणायचे तिथे मी ‘खोटे’ म्हटले का? बहुतेक वेळा तिसऱ्या प्रश्नाशी अडते. मग दुसऱ्या दिवशी कुणाला तरी फोन करावा लागतो.

बाबांना मी निकालाचा पूर्ण अनुवाद वाचून दाखवला. ‘अविश्वसनीय’ हा शब्द आला तिथे थांबून म्हणाले, “हे माझ्याबद्दल हाय का वहीबद्दल?” मी म्हटले, “वहीबद्दल. म्हणजे माझ्याबद्दल.” ते हसले.

दुकानातील वही आता बाबा स्वतः लिहितात, व्यवहार झाला की लगेच, भट्टीशेजारीच. तिच्यावर तेजाबाचे डाग पडतात. मी ती उतरवून काढत नाही.